इग्लूचं छत गळायला लागलं तेव्हा

कॅनडातल्या नुनावुतमधलं इग्लूलिक. एप्रिल महिना, बाहेर उणे २७ अंश सेल्सिअस. मी कॅमेरा सहायक. जुन्या काळातल्या इनुइट कुटुंबाचा (इनुइट म्हणजे इथले मूळ रहिवासी) प्रसंग खऱ्या इग्लूत घ्यायचा होता.

गारठलेला कॅमेरा आत नेला की श्वासातली वाफ लेन्सवर गोठते. पुसली तर आणखी पसरते. म्हणून तो उबदार पेटीतून आणून थेट इग्लूत उघडला. आतले शॉट आधी, बाहेरचे नंतर. हा क्रम मोडायचा नाही. बॅटऱ्या अंगाशी, आतल्या खिशात. थंड झालेली बॅटरी पूर्ण चार्ज असूनही मध्येच मान टाकते.

प्रकाश दोन तऱ्हेचा होता. बर्फाच्या भिंतींतून झिरपणारा निळसर उजेड आणि ‘कुल्लिक’ या दगडी दिव्याची पिवळी ज्योत. त्यात सीलचं तेल, वात शेवाळाची. व्हाइट बॅलन्स, म्हणजे कॅमेऱ्याने कोणता उजेड पांढरा मानायचा ती मांडणी, ४,००० केल्व्हिनच्या आसपास ठेवला, म्हणजे दोन्ही रंग राहतात. जोडीला फक्त एक छोटा एलईडी. जुन्या टंगस्टन दिव्यांनी छत वितळलं असतं.

तरी वितळलंच. दाटीवाटीने बसलेली माणसं आणि तासन्‌तास जळणारी वात. कॅरिबूच्या (इथल्या रेनडियरच्या) कातड्याच्या पोशाखांवर थेंब पडू लागले. कातडं भिजलं की कडक होतं, केस गळतात, पुढचा शॉट जुळत नाही. कोणीतरी प्लॅस्टिक ताणायचं सुचवलं. ते फ्रेममध्ये दिसलं असतं.

मुख्य नट उठला. मूठभर कोरडं, भुसभुशीत बर्फ गळतीवर दाबलं. ते पाणी शोषून तिथेच गोठलं. वात एका बाजूने दाबून ज्योत निम्मी केली, छतातलं हवेचं भोक मोठं केलं. त्यातून उन्हाचा पट्टा आत आला, तो आम्ही बाहेरून फळी धरून अडवला.

इथल्या सिनेमात नटाने असं दुसरं काम हाती घेणं नवल नाही. २००१च्या ‘अतानार्जुआत’चा नायक नातार उंगालाक शिल्पकारही आहे, २०१६च्या ‘मालिग्लुतित’चं दिग्दर्शन त्याने झकारियास कुनुकबरोबर केलं.

ध्वनीची चिंता आतून नव्हती. बर्फ आवाज पितं, संवाद स्वच्छ येतात, कातड्याचे पोशाखही सळसळत नाहीत. सळसळत होते ते आमचे नायलॉनचे कोट! शिवाय बाहेर कोणी चाललं की कोरडं बर्फ करकरायचं, म्हणून टेक चालू असताना चालायची बंदी.

भिजलेले पोशाख स्टोव्हजवळ नेले नाहीत. बाहेर टांगले, पाणी गोठू दिलं आणि काठीने झटकून काढलं.