दहाच्या दहा पीसना क्रॅक

एप्रिलमधली गोष्ट. सोलापूरजवळच्या चिंचोळी एमआयडीसीतल्या एका प्रेसशॉपसाठी मी केलेल्या डायवर, म्हणजे पत्रा कापायच्या-वाकवायच्या साच्यावर, ब्रॅकेटचा लॉट चालू होता. दुपारी बाराच्या सुमारास फोन आला : सहाशे पीस बेंड झाले, त्यातल्या एकशे नव्वदना बेंडवर क्रॅक आहे. डाय तीच, प्रेस तीच, सेटिंग सकाळपासून कोणी हलवलेलं नाही. आधीच्या महिन्यात याच डायवर दोन हजार पीस निघाले होते आणि त्यात एकही क्रॅक नव्हता.

पीस अगदी साधा. ३ मि.मी. एचआर (हॉट रोल्ड, म्हणजे गरम असताना रोल केलेला) पत्रा, डी ग्रेड. ब्लँक, म्हणजे पत्र्यातून कापलेला सपाट तुकडा, १२० बाय ५०, त्यात साडेदहाची दोन भोकं, मग मधोमध एक काटकोनी बेंड. आतली रेडियस दीड मि.मी., म्हणजे जाडीच्या निम्मी. पार्टीच्या ड्रॉइंगमध्येच ती तशी होती. ब्लँकिंग आणि भोकं ७५ टनी प्रेसवर : कापाची एकूण लांबी साधारण ४०६ मि.मी., गुणिले जाडी ३, गुणिले दर चौरस मि.मी.ला ३५० न्यूटन, म्हणजे ४३ टनांच्या आसपास, वर स्ट्रिपिंगचे, म्हणजे पंचावर (वरून घुसणाऱ्या भागावर) अडकलेला पत्रा सोडवायचे, चार-पाच टन. बेंड दुसऱ्या, ३० टनी प्रेसवर, २४ मि.मी. तोंडाच्या व्ही डायमध्ये.

मी पोचलो तेव्हा शेडमध्ये उभं राहवत नव्हतं इतका उकाडा होता. क्रॅक गेलेले पीस एका क्रेटमध्ये वेगळे ठेवले होते. एक हातात घेतला. बेंडच्या बाहेरच्या अंगाला, कडेपासून सुरू होऊन आत गेलेली चीर. काही पीसना केसाएवढी, नख फिरवलं तरच लागणारी. काहींना इतकी उघडी की आतलं चकचकीत लोखंड दिसत होतं.

पहिला संशय बरवर, म्हणजे कापलेल्या कडेला राहणाऱ्या धारदार कोरेवर, गेला, आणि तो रास्तच होता. ब्लँक खाली पडतो तेव्हा त्याची बर पंचाच्या बाजूला, म्हणजे वरच्या अंगाला राहते. बेंड करताना ती बाजू आत जायला हवी. ती बाहेर आली की ताण नेमका त्या कडेवर येतो, आणि कापामुळे ती कड आधीच कडक झालेली असते. क्रॅक तिथूनच सुटतो. मशिनवरचा मुलगा ब्लँक उलटसुलट लावतोय का ते पाहिलं. नाही, सगळे बर वर करूनच लावत होता. बर मोजली तर ०.१५ मि.मी.च्या आसपास, म्हणजे जरा जास्तच. क्लिअरन्स, म्हणजे पंच आणि डायमधली फट, एका बाजूला ०.२ ठेवलेला, तो बरोबर होता, पण पंचाची धार बसली होती. पंच काढून सरफेस ग्राइंडरवर ०.२ घेतला आणि पुन्हा चालवला. बर उतरली. क्रॅक तसाच. बेंड पंचाची रेडियस गेजने पाहिली तर दीडच होती, कुठे टोक पडलेलं नव्हतं.

दुसरा संशय मालावर. मालकांनी टेस्ट सर्टिफिकेट काढून दिलं. सगळे पत्रे एकाच हीटचे, म्हणजे एकाच वेळी वितळवलेल्या पोलादाचे, ग्रेड बरोबर. माल खराब असता तर सगळेच पीस गेले असते, किंवा सगळ्यांनाच थोडाथोडा त्रास दिसला असता. इथे एक पीस ठणठणीत आणि शेजारचा फाटलेला. मला हाच फरक महत्त्वाचा वाटला.

ब्लँकिंगनंतर सगळे पीस एका बिनमध्ये पडत होते आणि बेंडवाला हाताला येईल तो उचलत होता. क्रॅक इकडेतिकडे विखुरलेले दिसायचं कारण तेवढंच. ज्या पट्ट्यांतून हे ब्लँक कापतात त्यातल्या १४६ रॅकवर शिल्लक होत्या. त्यातल्या बारा काढल्या, खडूने नंबर टाकले आणि प्रत्येक पट्टीचे दहा ब्लँक वेगळ्या ढिगात ठेवून त्याच क्रमाने बेंड केले. चार पट्ट्यांचे दहाच्या दहा गेले. उरलेल्या आठ पट्ट्यांच्या ऐंशी पीसमध्ये एकही नाही.

डायचा दोष असा दहा-दहाच्या हिशेबात येत नाही. दोष पट्टीत होता.

टूलरूममधल्या जुन्या फिटरमामांनी वाईट पट्टी उचलून तिची टोकं अंगठ्याने चाचपली. म्हणाले, "हे बघा साहेब, ही टोकं कापलेली न्हाईत." खरंच, दोन्ही टोकं गोलसर, काळी, खपली धरलेली होती. म्हणजे मिलची कड, पत्रा कारखान्यात रोल होताना आपोआप झालेली. चांगल्या पट्टीची टोकं कात्रीने कापलेली, निम्म्या जाडीपर्यंत चकचकीत आणि खाली खरखरीत. मिलची कड पत्र्याच्या लांब बाजूला असते, आणि मिलमधल्या रोलांतून दाबून पत्रा लांबवतात (रोलिंग) तो त्याच दिशेने. ती कड पट्टीच्या टोकाला आली याचा अर्थ पट्टी रोलिंगला आडवी कापली गेली होती.

मग शेअरिंगवर, म्हणजे पत्रा कापायच्या मशिनवर, गेलो आणि सगळा उलगडा झाला. मोठ्या शेअरिंगचं ब्लेड धारेला गेलं होतं. दरवेळी २५०० बाय १२५० च्या पत्र्यातून आधी लांबीत ५८ मि.मी.च्या एकवीस पट्ट्या निघतात, मग हाताने फीड करायला सोपं म्हणून त्यांचे दोन तुकडे होतात. या खेपेला काम दीड मीटरच्या छोट्या शेअरिंगवर आलं. तिथे अडीच मीटरचा काप बसत नाही. म्हणून मुलांनी आधी पत्रा मधोमध कापला. १२५० बाय १२५० चे दोन चौरस झाले आणि त्यांच्यातून पट्ट्या पाडल्या. चौरस कुठल्याही बाजूने लावा, पट्ट्या एकवीसच निघतात आणि पट्टीमागे पीसही दहाच. मोजमापात काडीचा फरक पडत नाही. पण चौरस एकदा फिरला की रोलिंगची दिशा कुठे गेली ते कोणालाच कळत नाही. आठ पत्र्यांचे सोळा चौरस झाले होते. हिशेब लावला तर त्यातले पाच फिरून लागले असावेत.

दिशेने इतका फरक का पडतो? स्टीलमधले बारीक कण, मुख्यतः मॅंगनीज सल्फाइडचे, रोलिंगमध्ये दोऱ्यासारखे लांब ओढले जातात. त्या दोऱ्यांच्या दिशेने पत्रा चांगला ताणला जातो. आडवा ताणला की तिथूनच उकलतो. दीड रेडियसला ३ मि.मी. पत्र्याचा बाहेरचा थर जवळपास ५० टक्के ताणला जातो. बेंडची रेघ रोलिंगला आडवी असेल तर हा ताण दोऱ्यांच्या दिशेने पडतो आणि पत्रा निभावून नेतो. बेंडची रेघ रोलिंगला समांतर झाली की तेवढाच ताण दोऱ्यांच्या आडवा पडतो आणि चीर सुटते. रेडियस जाडीएवढी, म्हणजे ३ केली, तर बाहेरचा ताण ३३ टक्क्यांवर उतरतो.

खात्रीसाठी एकाच चौरसातून २५ मि.मी.च्या दोन चिंध्या कापल्या, एक उभी, एक आडवी. दोन्ही व्हाइसमध्ये धरून हातोड्याने दुमडल्या. एक पुरती मिटली. दुसरी नव्वदच्या पुढे जाताच फाटली. शेअरिंगवरचा पोरगा बघत होता. त्याच्या घरी टॉवेलचे माग. तो म्हणाला, "म्हणजे कापडासारखं उभं-आडवं असतंय की याला." असतंच. कापडात धागा दिसतो, काळ्या एचआर पत्र्यात दिसत नाही, एवढाच फरक.

आता हातातल्या मालाचं काय? रॅकवरच्या १३४ पट्ट्या टोकं बघून निवडल्या. ४३ आडव्या निघाल्या, त्या वॉशरच्या कामाला दिल्या, तिथे बेंडच नाही. खरा घोर होता तो बिनमधल्या तेराशे ब्लँकचा. टोकं भंगारात गेलेली, त्यामुळे ते ओळखायला काही खूण नव्हती. पार्टीला सगळं खरं सांगितलं आणि एवढ्या लॉटपुरती ३ रेडियसची लेखी परवानगी मागितली. ती संध्याकाळी मिळाली. पंचाची रेडियस वाढली की सपाट ब्लँक तेवढाच राहूनही बाहेरून मोजलेल्या दोन्ही बाजूंची बेरीज साधारण अर्धा मि.मी. वाढते, म्हणून स्टॉपर सरकवून तो फरक ज्या बाजूच्या मापाला काटेकोर मर्यादा (टॉलरन्स) नव्हती तिकडे घेतला. स्प्रिंगबॅकही (दाब सुटताच पत्र्याचं थोडं मागे उघडणं) थोडा वाढला आणि कोन ९१ येऊ लागला. पंचाच्या पाठीला शिम, म्हणजे पातळ पत्र्याचा तुकडा, घालून स्ट्रोक थोडा खोल नेला तेव्हा ९० मिळाला. रात्री साडेनऊपर्यंत ते तेराशे बेंड झाले. प्रत्येकाची कड भिंगाखाली पाहिली. क्रॅक एकालाही नव्हता. आधी क्रॅक गेलेले पीस मात्र भंगारातच गेले. वेल्डिंग भरून द्या असं एकाने सुचवलं होतं, त्याला मी ठाम नकार दिला. भार घेणाऱ्या ब्रॅकेटची बेंडवरची चीर वेल्डने झाकायची नसते.

चूक पोरांची नव्हती. माझ्या स्ट्रिप लेआउटवर, म्हणजे पट्टीत ब्लँक कसे बसतात त्याच्या ड्रॉइंगवर, पट्टीची रुंदी होती, पिच (एका ब्लँकपासून पुढच्यापर्यंतचं अंतर) १२३.५ होता, कडेला ४ आणि मध्ये ३.५ चा ब्रिज (सोडलेला पत्रा) होता. रोलिंगच्या दिशेचा बाण नव्हता. पट्टी लांबीतच कापली जाणार हे मी गृहीत धरलं होतं, आणि कागदावर नसलेली गोष्ट शेअरिंगवाल्याला कळणार कुठून?

आता पत्रा कापायला घेण्याआधी त्याच्या लांबीत पिवळ्या ऑइलपेंटची एक रेघ मारतात. रेघ ब्लेडला समांतर ठेवून पट्ट्या पाडायच्या. चौरस फिरला तर प्रत्येक पट्टीवर पिवळी आडवी खूण येते आणि ती पट्टी रॅकवर जायच्या आधीच बाजूला होते. बेंडच्या बाकी डायची ड्रॉइंग काढून मी लेआउटवर बाण टाकत बसलो तेव्हा एक पीस असा सापडला ज्याला दोन बेंड एकमेकांना काटकोनात आहेत. तिथे बाण कसाही टाकला तरी एक बेंड रोलिंगला समांतर होणारच. त्याचा ब्लँक पट्टीत ४५ अंशांत फिरवून लेआउट नव्याने मांडला आहे. भंगार वाढणार. ते किती, याचा आकडा मालकांसमोर ठेवूनच पुढची डाय कापायला घेणार आहे.