अक्षराला पाच पैसे

माळा आवरायचा म्हणून दुपारी स्टुलावर चढले आणि हाती लागलं ते आजीचं पितळी तपेलं. आत सुतळीचे गुंडे, कंदिलाच्या दोन काचा आणि एक वाळलेलं झुरळ. चिंच लावून घासलं तेव्हा काठाखाली ठिपक्याठिपक्यांची अक्षरं वर आली. छिन्नीनं ठोकलेली, जुन्या वळणाची. 'चि. सौ. कां.' एवढं स्वच्छ वाचता येत होतं. पुढं सगळं झिजून सपाट, आणि शेवटी एकच अक्षर: 'दा'.

गोदा? नर्मदा? यशोदा? आमची आजी तर लक्ष्मी.

म्हणजे हे तपेलं तिच्याबरोबर माहेराहून आलं, लग्नात ताटभर तांदळावर अंगठीनं 'लक्ष्मी' उमटायच्या आधी. बेबीआत्याला फोन लावला. (बेबी आता ब्याऐंशीची आहे.) "आत्या, आजीचं माहेरचं नाव काय गं?" पलीकडे बराच वेळ नुसता टीव्हीचा आवाज. मग म्हणाली, "अगं, आम्ही तिला आई म्हणायचो."

भांड्यांवर नाव घालण्याची पहिली आठवण दादाच्या मुंजीची. भांडी घेऊन झाली की दुकानाच्या पायरीवर एक माणूस बसलेला असे, त्याच्यापुढं उकिडवं बसायचं. "काय टाकू?" दर अक्षराला पाच पैसे, काना-मात्रा फुकट. आजोबांनी 'कुलकर्णी'ची चार अक्षरं मोजली, वीस पैसे. तो म्हणाला, रफाराचे वेगळे पडतील. आजोबा म्हणाले, रफार म्हणजे अक्षर नव्हे. तो म्हणाला, ठोकायला तेवढाच वेळ लागतो. व्याकरण विरुद्ध मजुरी असा तो वाद अर्धा तास चालला. शेवटी आजोबांनी सगळ्या भांड्यांवर 'ग. वि. कु.' घालून घेतलं. वाड्यात समोर कुंटे राहायचे आणि तेही ग. वि.च. पुढं कुठलंही कार्य झालं, पंगती उठल्या, की कुणाची पातेली कुणाच्या घरी यावरून दोन्ही घरांत आठवडाभर अबोला. ज्यासाठी नाव घालायचं तेच साधलं नाही, पण पैसे वाचले.

परतताना आजोबांनी मला ओळखीच्यांची आडनावं मोजायला लावली. काळे, गोरे, तांबे स्वस्तात सुटले. बापट तीन. सगळ्यात सुखी पै, एका अक्षरात काम. आणि सगळ्यात महाग 'कर' लावणारे. इचलकरंजीकर, आठ अक्षरं! त्यातही गंमत अशी की गावात राहून कुणी गावाचं नाव लावत नाही. साताऱ्यात कुणाला कुणी सातारकर म्हणत नसतं. गाव सोडायचं आणि मग प्रत्येक ताटवाटीवर त्याचे पैसे मोजत बसायचं.

हुद्द्यांचंही तेच. नाना फडणीस मुळात भानू. दोन अक्षरांत भागत होतं, हुद्द्यानं आडनाव गिळलं आणि चार झाली. यातला 'नीस' म्हणजे फारसीतला नवीस, लिहिणारा. चिटणीस, पोतनीस, पारसनीस सगळे लेखणीवाले. त्या न्यायानं पायरीवरच्या त्या माणसाला 'भांडनीस' म्हणायला हरकत नव्हती. स्वभावालाही शोभलं असतं. आम्हा कुलकर्ण्यांची वतनं 1950 च्या कायद्यानं गेली. त्याआधीही आमच्या घरात दप्तर असं शाळेचंच पाहिलेलं. आडनाव मात्र राहिलं, रफारासकट.

आजीनं आजोबांचं नाव कधी उच्चारलं नाही, त्यामुळे भाद्रपदातल्या चतुर्थीला आमच्याकडे 'मोरया' बसायचे. तिची पहिली दोन मुलं गेली. तिसऱ्याचं नाक टोचून त्याचं नाव दगडू ठेवलं, म्हणजे यमाची नजर पुढं सरकावी. तो जगला, शाळेत घालताना त्याला चांगलंसं नाव मिळालं, बँकेत मॅनेजर झाला. पण वाड्यातल्या म्हाताऱ्या बायका त्याला शेवटपर्यंत दगडूच म्हणायच्या आणि तो चिडायचा नाही. मुलगा जगावा म्हणून दगडू, आणि मुली थांबाव्यात म्हणून नकुशी. 2011 साली साताऱ्यात 285 मुलींनी ते नाव टाकून नवी नावं घेतली, तेव्हा पेपरमधला फोटो मी बराच वेळ बघत बसले होते. लग्नात यांच्या भांड्यांवर बापानं काय घालून घेतलं असतं?

तर तपेलं.

भाचीच्या मुलीचं बारसं जवळ आलं होतं. चांदीच्या वाटीवर नाव घालून घ्यायचंच होतं, म्हणून पिशवीत तपेलंही टाकलं आणि रविवार पेठेत गेले. आता छिन्नी नाही, दाताच्या डॉक्टरकडे असतं तसलं घूं घूं करणारं यंत्र. पोरगा विशीतला. "काय टाकू, ताई?" 1 मे 2024 ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदावर आधी स्वतःचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि मग आडनाव, असं ओळीनं येतं. भाचीनं बजावलं होतं, वाटीवरही तसंच हवं. पोरानं वाटी फिरवून फिरवून बघितली.

"एवढं बसायचं नाही. कुणाचं तरी कमी करा."

मी भाचीला फोन केला. तिनं वडिलांचं कमी केलं. जावयानं मागून काहीतरी म्हटलेलं ऐकू आलं, ते मी ऐकलं नाही.

यंत्र घूं घूं करत असताना गल्ल्यावरच्या म्हाताऱ्या मालकांनी तपेलं हातात घेतलं. चष्मा कपाळावर सरकवून उजेडात तिरपं धरलं, अंगठा फिरवला.

"हे 'दा' कुणी सांगितलं तुम्हाला?"

"दिसतंय की. ही खाली शेपटी."

"ही शेपटी नव्हे, पोचा आहे. कुठंतरी आपटलंय. 'ठा' आहे हा."

विठा.

आठवडाभर मी तिला गोदा म्हणून बघत होते. परकर नेसलेली, नदीकाठची, जराशी लाडावलेली गोदा. विठा अगदीच वेगळी निघाली, धाकटी भावंडं कडेवर घेतलेली, तोंडानं फटकळ. मालक म्हणाले, नाव परत उजळून देऊ का, खुणा आहेत अजून. मी म्हटलं, मधली अक्षरं दिसतात का? नाही म्हणाले. मग 'विठा'च कशावरून? त्यांनी खांदे उडवले. "माझ्या आजीचं होतं."

तपेलं तसंच परत आणलं. आतून कल्हई करायला हवी.