फक्कीची रेघ

मी सोलापुरात पोलीस उपनिरीक्षक असताना अक्कलकोट रोड एमआयडीसीतील एका टॉवेल कारखान्याच्या फाटकावर मला बंदोबस्त लागला होता, त्या दिवसाची ही हकिगत आहे. बोनसच्या वादातून सुरू झालेल्या संपाला तीन आठवडे झाले होते. संघटनेने फाटकापासून पन्नास मीटरच्या आत बसू नये, तसेच कामावर येणाऱ्यांना आणि तयार मालाच्या गाड्यांना अडवू नये, असा अंतरिम आदेश औद्योगिक न्यायालयाने दिला होता. अनुचित कामगार प्रथांविषयीच्या १९७१ च्या कायद्यानुसार, कामावर जाऊ इच्छिणाऱ्याला प्रत्यक्ष आडवे होऊन रोखणे ही संघटनेकडून घडलेली अनुचित प्रथा ठरते. ती घडू न देणे एवढेच आमचे काम होते. संप मोडून देणे त्यात बसत नव्हते.

व्यवस्थापकांची समजूत वेगळी होती. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ४७ खाली त्यांनी जादा बंदोबस्ताचे पैसे भरले होते आणि संपकऱ्यांचा मंडपच उखडून टाका, असा सकाळपासून त्यांचा तगादा चालला होता. खर्च अर्जदाराचा असला तरी पोलीस आपल्या वरिष्ठांच्याच हुकमाखाली राहतात, हे मी त्यांना दोनदा सांगितले. त्यांनी पाठवलेली चहाची किटलीही परत पाठवली, कारण सगळा मंडप तिच्याकडेच पाहत होता.

आदेशात नुसते ‘फाटक’ म्हटले होते आणि कारखान्याला फाटके होती दोन. मोठ्या फाटकापासून मंडप हद्दीबाहेर पडत होता. लहान फाटकापासून मोजले तर निम्मा आत येत होता. कामगार लहान फाटकातूनच ये-जा करत असल्याने मी तेच धरले, हवालदाराकडून टेप मागवली, दोन्ही बाजूंची दोन-दोन माणसे सोबत घेऊन अंतर मोजले आणि रस्त्यावर फक्कीची रेघ ओढली. पुढाऱ्यांनी कुरकुर केली, पण आतले बांबू त्यांनी स्वतःच काढले. डोळ्यांदेखत मोजलेली हद्द माणसे सहसा मानतात; बांधाच्या भांडणांत मी ते पुष्कळदा पाहिले होते.

शिलाई खात्यातल्या पंधरा-सोळा बाया कामावर आल्या, तेव्हा घोषणा झाल्या. एकीला तिच्या सख्ख्या जावेने तेलुगूत शिवी हासडली. तिने पदर पुढे ओढला आणि ती आत गेली. अंगाला कोणी हात लावला नाही.

दुपारी ताडपत्री बांधलेला ट्रक बाहेर पडला आणि पाच बाया रेघ ओलांडून त्याच्यापुढे आडव्या झाल्या. माझा पारा चढला. आदेश स्पष्ट होता, म्हणून मी महिला अंमलदारांना त्यांना उचलायला सांगितले. तेवढ्यात एक म्हातारी पडल्यापडल्याच म्हणाली, “टॉवेल न्या की साहेब, आम्ही नाही म्हणतोय का? माग का न्यायलाव?”

मी अंमलदारांना थांबवले आणि चालकाकडे मालाचे चलन मागितले. त्यावर टॉवेलच्या चाळीस गाठी लिहिल्या होत्या. ताडपत्रीची दोरी सोडली, तर मागे गाठींचे दोन थर होते आणि त्यांच्या पुढे, केबिनला लागून, मागांवरून उतरवलेली तीन जकार्ड यंत्रे, म्हणजे नक्षी विणण्यासाठी मागावर बसवतात ती, पोत्यांत गुंडाळून ठेवलेली होती. एका यंत्राच्या दोऱ्या पोत्याबाहेर लोंबत होत्या.

ती दुरुस्तीला चालली आहेत, असे व्यवस्थापक म्हणाले. ते खरेही असेल. त्याची शहानिशा करणे माझे काम नव्हते. आदेश तयार मालापुरता आहे, यंत्रे न्यायची असतील तर न्यायालयाकडून तसे लिहून आणा, तोवर या गाडीला माझा बंदोबस्त मिळणार नाही, एवढेच मी सांगितले. तासभर फोनाफोनी झाली आणि यंत्रे उतरली. मग बाया आपणहून उठल्या, त्यांनी लुगडी झटकली आणि ट्रक गेला.

१९३० साली मार्शल लॉ भोगलेल्या आणि १२ जानेवारी १९३१ रोजी ज्याचे चार हुतात्मे येरवड्यात फासावर गेले त्या शहरात, कारखान्याच्या दारातला पोलीस कोणाचा हे लोकांनी आधीच ठरवलेले असते. त्या बायांना उचलले असते, तर लोकांचे म्हणणे मीच खरे करून दिले असते.

रात्री स्टेशन डायरी लिहायला बसलो. उचलण्याचा हुकूम १३.१० वाजता दिला आणि ताडपत्री १३.२० वाजता उघडली, हा क्रम माझ्या अंगावर येणारा होता. शेजारच्या सहकाऱ्याने पहिली नोंद गाळायला सुचवले. मी दोन्ही वेळा जशाच्या तशा लिहिल्या आणि खाली सही केली.