तारीख कोणी मागितली?

फौजदारी खटला वर्षानुवर्षे रेंगाळला आणि आरोपीने जलद सुनावणीच्या हक्काचा आधार घेतला, की सरकार पक्षाकडून बहुतेक वेळा एकच उत्तर येते: विलंबाला आरोपी स्वतःच जबाबदार आहे. हे उत्तर काही खटल्यांत खरे असते आणि काहींत साफ खोटे असते. ते पारखून न घेता मान्य केले जाते, तेव्हा माणसाच्या आयुष्यातील वर्षे हकनाक तुरुंगात जातात.

बिहारच्या तुरुंगांत खितपत पडलेल्या कच्च्या कैद्यांच्या प्रकरणात, १९७९ साली, सर्वोच्च न्यायालयाने जलद सुनावणीचा हक्क संविधानाच्या अनुच्छेद २१ मध्ये, म्हणजे जीवित आणि व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्कात, सामावलेला असल्याचे स्पष्ट केले. आरोपीच्या वर्तनाचा सविस्तर विचार मात्र महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांच्या प्रकरणात, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने डिसेंबर १९९१ मध्ये केला. खटला लांबवण्यात अनेकदा आरोपीचेच हित असते, हे पीठाने आडपडदा न ठेवता मान्य केले. मात्र आपला हक्क बजावण्यासाठी सद्भावनेने केलेले अर्ज किंवा अपिले म्हणजे वेळकाढूपणा नव्हे, आणि जलद सुनावणीची मागणी केली नाही एवढ्यावरून आरोपीचा हक्क बुडत नाही, हेही त्याच निकालात आहे. वकील नेमण्याची ऐपत नसलेला कैदी मागणी करणार तरी कशी?

दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. २ जानेवारी १९७५ रोजी समस्तीपूरच्या रेल्वे स्थानकावर झालेल्या बॉम्बस्फोटात जखमी होऊन रेल्वेमंत्री ललित नारायण मिश्र यांचा मृत्यू झाला. तो खटला इतका लांबला की २०१२ मध्ये आरोपींनी तो रद्द करण्याची विनंती सर्वोच्च न्यायालयाला केली; परंतु तहकुब्या मागण्यात त्यांचाही मोठा वाटा असल्याचे दिसल्याने न्यायालयाने ती फेटाळली. डिसेंबर २०१४ मध्ये आरोपींना शिक्षा झाली. स्वतः तारखा मागून पुढे त्याच विलंबाचा लाभ मागणे न्यायाला धरून नाही, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

म्हणूनच सगळा भार येतो तो रोजनाम्यावर, म्हणजे खटल्याच्या प्रत्येक तारखेला काय घडले याच्या न्यायालयीन नोंदीवर. ‘आरोपी गैरहजर, पुढील तारीख’ अशी नोंद वाचली, की दोष आरोपीचा वाटतो. तो न्यायालयीन कोठडीत असेल, आणि पोलीस बंदोबस्त न मिळाल्याने तुरुंगातून त्याला आणलेच नसेल, तर ती गैरहजेरी राज्याची आहे. साक्षीदार दारात उभा असताना बचाव पक्षाने उलटतपासणीसाठी पुन्हा पुन्हा मुदत मागितली असेल, तर तो विलंब निःसंशय आरोपीच्या खात्यात जमा झाला पाहिजे. दोन्ही नोंदींत शब्द जवळजवळ सारखेच आणि पुढे मिळालेली तारीखही तेवढीच लांबची असते.

हा भेद केवळ तात्त्विक नाही. फौजदारी कार्यपद्धतीचा कायदा असलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४७९ नुसार, फाशी किंवा जन्मठेपेचे गुन्हे वगळता, कमाल शिक्षेच्या निम्मा काळ, आणि पूर्वी कोणत्याही गुन्ह्यात दोषी न ठरलेल्याने एक तृतीयांश काळ, कोठडीत काढल्यास सुटकेचा मार्ग खुला होतो. मात्र आरोपीमुळे झालेल्या विलंबाचा काळ त्यातून वजा होतो. म्हणजे रोजनाम्यातील एका संदिग्ध ओळीने कैद्याचे महिने वाढू शकतात.

ऑगस्ट २०२४ मध्ये दिल्लीचे माजी उपमुख्यमंत्री मनीष सिसोदिया यांना जामीन देताना सर्वोच्च न्यायालयाने हीच तपासणी केली. आरोपीने अनेक अर्ज करून खटला लांबवला, असा तपास यंत्रणेचा आक्षेप होता. पण त्यांतील कोणताही अर्ज कनिष्ठ न्यायालयाने निरर्थक ठरवल्याचे यंत्रणेला दाखवता आले नाही. कागदपत्रे पाहण्यासाठी केलेला अर्ज बचावाचाच भाग असतो. मोठे वकील उभे असलेल्या खटल्यात अर्जांची अशी छाननी होते. जिल्हा न्यायालयातील अनोळखी कैद्याच्या जामीन अर्जावरही ती व्हावी, आणि विलंबाचा दोष आरोपीवर ठेवणाऱ्या प्रत्येक आदेशात कोणती तारीख कोणी, कोणत्या कारणासाठी मागितली, हे नमूद करणे बंधनकारक असावे.