इष्टुर फाकडा : तीन स्टुअर्ट सुटे झाले, चौथा विभाग उभा राहिला

विकिपीडियावरच्या 'इष्टुर फाकडा' या लेखातला ओलिसाचा परिच्छेद परत आला. इष्टुर फाकडा म्हणजे कॅप्टन जेम्स स्टुअर्ट, पहिल्या इंग्रज-मराठा युद्धात मुंबईच्या इंग्रज फौजेबरोबर मराठ्यांवर चालून आलेला अधिकारी; 'फाकडा' हे नाव त्याच्या शौर्याला मराठ्यांनीच दिलेलं. तो काढून टाकल्याचं गेल्या नोंदीत लिहिलं होतं. आता एका जुन्या, अभ्यासू संपादकाने माझं संपादन उलटवून तो जसाच्या तसा बसवला आणि वर संदर्भही जोडला. संदर्भ अस्सल आहे, पान बरोबर आहे, आणि कोंडीत सापडलेल्या इंग्रजांनी मराठ्यांशी केलेल्या वडगावच्या करारानंतर स्टुअर्ट मराठ्यांकडे ओलीस राहिला असंच त्या पानावर छापलेलं आहे. अशा संपादनाला नुसतं उलटवून उत्तर देता येत नाही, पुराव्याने द्यावं लागतं. म्हणून 'लढाई' विभागाचं काम थांबवलं आणि सगळा वेळ यातच घातला.

लेखाची अवस्था अशी होती. कॅप्टन जेम्स स्टुअर्ट पहिल्या विभागात ४ जानेवारी १७७९ रोजी कार्ल्याला पडतो. पुढच्या विभागात तोच वडगावच्या वेढ्यात पुन्हा मारला जातो. त्यानंतर तहाच्या परिच्छेदात जिवंत होऊन ओलीस जातो. तिन्ही विभाग वेगवेगळ्या हातांनी लिहिलेले, प्रत्येकाखाली तळटीप, आणि प्रत्येक जण चर्चापानावर आपल्या तळटिपेला घट्ट धरून बसलेला.

मग विभाग बाजूला ठेवले आणि धूळपाटीवर, म्हणजे कच्च्या कामाच्या पानावर, नुसता तारखांचा तक्ता मांडला. १७७८ च्या नोव्हेंबरअखेर स्टुअर्टची ग्रेनेडियर शिपायांची आघाडीची तुकडी बोरघाट ताब्यात घेते. इंग्रजांची मुख्य फौज २३ डिसेंबरला खंडाळ्याला येते आणि पुढे दिवसाला मैलभरसुद्धा सरकत नाही. ४ जानेवारीला कार्ले. ६ जानेवारीला या फौजेचा आजारी सेनापती एगर्टन सूत्रं कॉकबर्नकडे देतो. ९ ला तळेगाव, तेही मराठ्यांनी आधीच रिकामं करून जाळलेलं. ११ च्या रात्री माघार सुरू, १२-१३ ला वडगावला कोंडी, १६ ला करार. प्रत्येक ओळीपुढे दोन रकाने केले: मूळ कागदात स्टुअर्टचं नाव आहे का, आणि असेल तर हुद्दा काय.

हुद्द्याचा रकाना भरत गेलो आणि गाठ आपोआप सुटली. ४ जानेवारीपर्यंत प्रत्येक ठिकाणी 'कॅप्टन'. करारानंतर ओलीस ठेवलेली दोन माणसं म्हणजे विल्यम फार्मर आणि लेफ्टनंट चार्ल्स स्टुअर्ट. लेफ्टनंट! बारा दिवसांत कॅप्टनचा लेफ्टनंट होत नाही आणि जेम्सचा चार्ल्स तर नाहीच. ज्या पुस्तकाचा आधार देऊन परिच्छेद परत आणला होता, त्यात फक्त आडनाव छापलंय आणि हुद्दा गाळलाय. पुढच्या प्रत्येकाने त्या आडनावाला आपल्या ओळखीचा स्टुअर्ट चिकटवला, कारण मराठी वाचकाला ओळखीचा स्टुअर्ट एकच, आपला फाकडा. हा तक्ता चर्चापानावर ठेवला आणि त्याच संपादकाने स्वतः परिच्छेद काढला. या लेखावर काम सुरू केल्यापासून इतका आनंद मला कशाचाच झाला नव्हता.

दुसऱ्या मृत्यूचं मूळही याच तक्त्याने दाखवलं. समाधी वडगाव मावळला, पोलीस ठाण्याच्या आवारात आहे. समाधी वडगावला, लढाईही वडगावची, तेव्हा माणूसही वडगावच्या लढाईतच पडला असणार, असा तर्क कुणीतरी केला आणि तो विधान होऊन बसला. कार्ल्याची तारीख त्या कोंडीच्या आठवडाभर आधीची आहे. लेखाच्या सुरुवातीच्या माहितीचौकटीत आता मृत्यूचं ठिकाण कार्ले आणि समाधीचं ठिकाण वडगाव अशा दोन वेगळ्या ओळी आहेत. जाता जाता 'कॉकबर्नच्या नेतृत्वाखाली लढताना' हेही दुरुस्त केलं. त्या दिवशी सेनापती एगर्टनच होता.

तिसरा गोंधळ जन्मसालाचा आणि चित्राचा. चौकटीत १७४१ हे साल आणि लष्करी गणवेशातल्या एका रुबाबदार अधिकाऱ्याचं चित्र होतं. हा जेम्स स्टुअर्ट पुढे जनरल झाला. ६ मार्च १७९९ रोजी सिदासीरला टिपूच्या फौजेशी झालेल्या लढाईत मुंबईची फौज याच्याच हाताखाली होती, आणि तो वारला १८१५ मध्ये. फौज मुंबईचीच आणि नावही तेच, त्यामुळे चित्र लावणाऱ्याचा समज होणं साहजिक होतं. याखेरीज १७७६ मध्ये मद्रासचा गव्हर्नर पिगॉट याला अटक करणारा आणखी एक जेम्स स्टुअर्ट आहेच. इंग्रजीत या जनरलांच्या आणि आपल्या कॅप्टनच्या आडनावाची अक्षरं वेगळी पडतात, देवनागरीत ती एक होतात. म्हणून निःसंदिग्धीकरणाचं, म्हणजे एकाच नावाची माणसं वेगळी दाखवणारं, पान केलं, चौघांना चार ओळी दिल्या, आणि चौकटीतून साल व चित्र दोन्ही उतरवलं. चौकट ओकीबोकी दिसते अशी तक्रार आलीये. दिसू दे. दुसऱ्याचा चेहरा लावण्यापेक्षा रिकामी जागा बरी, या मतावर मी ठाम आहे.

आता साधनांबद्दल थोडं, कारण या भागाने सर्वांत जास्त छळलं. मराठी पत्रांतल्या तारखा जुळवायला आयतं तारीख-परिवर्तक वापरणार असाल तर कृपया थांबा. त्या हंगामातल्या पत्रांवर 'सन तिसा सबैन मया व अलफ' असतं, म्हणजे ११७९. परिवर्तकाला ११७९ दिलं की तो ते हिजरी समजतो आणि पत्र थेट १७६५ मध्ये नेऊन टाकतो. हे शुहूर सन आहे. मृगापासून मृगापर्यंत चालतं, आणि त्यात मृग ते डिसेंबर ५९९ आणि जानेवारी ते मृग ६०० मिळवले की इसवी सन येतो. चंद्र, म्हणजे महिन्यातला दिवस, मात्र हिजरी महिन्याचाच धरायचा. म्हणजे वर्ष एका पद्धतीने आणि दिवस दुसऱ्या पद्धतीने काढायचा. ४ जानेवारी १७७९ हा जिल्हेज या हिजरी महिन्याच्या मध्यावर येतो, शके १७००, विलंबी संवत्सर, पौष महिना. जंत्री, म्हणजे वेगवेगळ्या कालगणनांच्या तारखांचा मेळ देणारं पुस्तक, हातात घेऊन एकेक पत्र लावणं हाच खात्रीचा मार्ग. यंत्राने वाचलेल्या मजकुरावरही विसंबू नका; जुन्या खिळ्यांच्या छपाईतलं 'ष्टु' त्याला वाचता येत नाही, त्यामुळे 'इष्टुर' शोधलं तर काहीच सापडत नाही आणि पान डोळ्यांनी चाळलं तर नाव समोर दिसतं. 'इष्टूर', 'इस्टुर', 'इष्टर' या रूपांवरून लेखाकडे नेणारी सगळी पुनर्निर्देशनं करून ठेवली आहेत.

इंग्रजी बाजूला फॉरेस्टने १८८५ मध्ये छापलेले मुंबई सचिवालयातले कागद मला सर्वांत विश्वासाचे वाटतात, कारण त्यात हुद्दे गाळलेले नसतात. ग्रँट डफ वेगळ्या कारणासाठी लागतो. त्याचा मराठ्यांचा इतिहास १८२६ चा, म्हणजे कार्ल्यानंतर अर्धशतकही उलटलेलं नाही, आणि त्यात तो स्टुअर्टचं नाव मुलखात 'फाकडा' म्हणून अजून घेतलं जातं अशी नोंद करतो. हा माणूस साताऱ्याला रेसिडेंट होता, मराठी मुलखात वावरलेला होता. लोकस्मृतीचा इतका जवळचा छापील पुरावा आपल्या हातात असताना लेखात ती स्मृती तळाशी, 'किस्से' अशा मथळ्याखाली दोन ओळींत पडून होती.

आणि इथे माझा बेत बदलला. लढाईचा विभाग मोठा करायचा होता: एगर्टनचे १९,००० बैल, भिवराव पानशांचा तोफखाना, महादजी शिंदे, तुकोजी होळकर आणि हरिपंत फडके यांच्या फौजा, हे सगळं. पण ते वडगावच्या लढाईच्या लेखाचं काम आहे, आणि तिथे ते बऱ्यापैकी आलंय. या माणसाचं स्वतःचं म्हणावं असं जे आहे ते हेच, की ज्यांच्यावर तो चालून आला त्यांनीच त्याच्या शौर्याला नाव दिलं, समाधी सांभाळली आणि गोष्ट पुढच्या पिढ्यांना सांगितली. म्हणून 'स्मृती' हा स्वतंत्र, पूर्ण विभाग झाला. झाडावर चढून टेहळणी करताना तोफेचा गोळा लागला, ही मावळात सांगतात ती गोष्ट 'मृत्यू'मधून उचलून तिथे नेली. तिथे ती परंपरा म्हणून मानाने राहते आणि कुणाला 'संदर्भ हवा' लावावासा वाटत नाही.

हे लिहिता लिहिता एक सुचलं. ओलिसाचा परिच्छेद काढला, पण त्या संपादकाची मेहनत वाया का घालवायची? वडगावच्या तहाच्या लेखात ओलिसांचा नीट परिच्छेदच नाही. त्याचा संदर्भ तिथे न्यायचा, फार्मर आणि चार्ल्स स्टुअर्ट ही नावं हुद्द्यांसकट द्यायची, आणि चार्ल्सवरून निःसंदिग्धीकरणाच्या पानाकडे दुवा. म्हणजे पुढच्या वाचकाला दोघे शेजारी-शेजारी दिसतील आणि ही भानगड पुन्हा उगवणार नाही. त्याला चर्चापानावर विचारलंय. तो तयार असेल तर परिच्छेद त्यानेच लिहावा, माझा तक्ता हवा तसा वापरावा.

समाधीच्या छायाचित्रासाठी ठाण्यात रीतसर अर्ज दिलाय. आवार सरकारी आहे, न विचारता कुणी फोटो चढवू नका. परवानगीचं पत्र सोबत असलं की नंतर कुणाला ते काढायला कारण उरत नाही. तोवर एक मदत हवी. वासुदेवशास्त्री खऱ्यांनी छापलेल्या जुन्या मराठी पत्रांच्या लेखसंग्रहातली जिल्हेजच्या उत्तरार्धातली पत्रं ज्यांच्याकडे कागदी प्रतीत आहेत, त्यांनी कार्ल्याचा किंवा इंग्रज सरदार पडल्याचा उल्लेख असलेली पानं चाळून पृष्ठक्रमांक आणि पत्रावरची तारीख मूळ रूपात, चंद्र आणि सन जसे छापलेत तसे, कळवावी. इसवी सनात बदलून पाठवू नका, ते मी जंत्रीवर लावून घेतो.