आमची वाटचाल : ऐकायची नाटकं करताना

रत्नागिरीत आमचा ध्वनिमुद्रणाचा छोटा स्टुडिओ आहे. श्रुतिका आणि नभोनाट्यं, म्हणजे नुसती ऐकायची नाटकं, हे आमचं मुख्य काम. पोटापाण्यासाठी इतर कामंही घेतो, ती पुढे सांगेन. पण स्टुडिओ उघडला तो नाटकासाठी, आणि मी स्वतः इथवर आले तीही नाटकातूनच.

माझं गाव लांज्याच्या बाजूचं. देवीच्या उत्सवात कीर्तन, आरत्या आटोपल्या की रात्री नाटक असायचं. आईच्या लहानपणी त्यात बायकांची कामं पुरुषच करत. माझ्या वेळेला मुलींना काम मिळू लागलं होतं, तेही घरोघरी मोठ्यांची समजूत काढून. तालमी खोतांच्या ओटीवर, कंदिलाच्या उजेडात चालत. पुढे कॉलेजला रत्नागिरीत आले आणि राज्य नाट्य स्पर्धेत उतरले. १९५४ पासून चालत आलेल्या या स्पर्धेने कोकणातल्या हौशी नटांवर किती उपकार केलेत, हे बाहेरच्यांना सांगून कळणार नाही. नोकरी, शेती, दुकान सांभाळणारी माणसं त्या एका प्रयोगासाठी महिनोन्महिने रात्री जागतात. माझं पाठांतर, उच्चार, उभं राहणं हे सगळं तिथे घडलं.

मग काही वर्षं मुंबईत व्यावसायिक नाटकांतून दुय्यम भूमिका केल्या. नाईटवर काम, म्हणजे प्रयोगागणिक पैसे. बस, दौरे, आज महाड तर उद्या चिपळूण, परवा सावंतवाडी. त्या दिवसांनी मला आवाज दिला. माइक असो नसो, शेवटच्या रांगेतल्या माणसाला वाक्याचा शेवट ऐकू गेला पाहिजे, ही शिस्त अंगात मुरली. एका संस्थेने मात्र माझ्या कितीतरी नाईट थकवल्या, त्या आजतागायत मिळालेल्या नाहीत. म्हणून आमच्याकडे एक नियम आहे : ज्या दिवशी मुद्रण, त्याच दिवशी कलाकाराच्या हातात मानधन.

आईच्या आजारपणामुळे रत्नागिरीला परतले. इथलं आकाशवाणी केंद्र १९७७ पासूनचं. रेडिओ आमच्या घरात त्याच्याही आधीपासून होता. आकाशवाणीच्या मुंबई ‘ब’ वरची ‘पुन्हा प्रपंच’ ही श्रुतिका लागली की वडील जेवणाचं ताट पुढे घेऊन रेडिओपाशीच बसत. टेकाडे भावजी म्हणजे बाळ कुडतरकर, पंत म्हणजे प्रभाकर जोशी आणि मीना वहिनी म्हणजे नीलम प्रभू, ज्यांना आपण नंतर करुणा देव म्हणून ओळखलं. यांतल्या कुणाचाही चेहरा आम्हाला ठाऊक नव्हता. तरी त्यांच्या घरात खिडकी कुठे आणि स्वयंपाकघर कुठे, हे आम्ही भावंडं छातीठोकपणे सांगत असू. असं घर माणसाच्या डोक्यात उभं करता येतं ही गोष्ट तेव्हापासून माझ्या मनात रुतून बसली होती.

मी रत्नागिरी आकाशवाणीत स्वरचाचणी दिली, निवड झाली. आधी नाट्यकलाकार, मग नैमित्तिक उद्घोषक, आणि हळूहळू श्रुतिकांच्या निर्मितीत मदतनीस. पहिले काही महिने कठीण गेले. रंगमंचावर जे कमावलं होतं ते माइकपुढे जड होत होतं. तिथे समोर नाट्यगृह नसतं. एक माणूस असतो, बहुधा एकटाच, काही तरी काम करत ऐकणारा. त्याच्या कानाशी बोलायचं. ‘प’ आणि ‘फ’चा वारा माइकवर आदळू नये म्हणून तोंड किंचित तिरकं धरायचं. संहितेचे कागद टाचायचे नाहीत. पान संपलं की आवाज न करता बाजूला न्यायचं किंवा गालिच्यावर सोडून द्यायचं. जुन्या रिबन माइकला पुढून आणि मागून ऐकू यायचं, बगलेतून जवळजवळ नाहीच. त्यामुळे पात्र दूर चाललंय हे दाखवायला खोलीभर चालावं लागत नसे, माइकच्या बगलेकडे पाऊलभर सरकलं तरी पुरे. पात्र लांब गेलेलं असायचं.

तेव्हा संपादन पाव इंची टेपवर, ब्लेडने. सेकंदाला साडेसात इंचांच्या गतीवर एका सेकंदाचा निःश्वास म्हणजे साडेसात इंच टेप. ती दोन्ही हातांनी यंत्राच्या हेडवरून मागेपुढे सरकवायची, श्वास नेमका कुठे सुरू होतो ते ऐकायचं, पेन्सिलीने खूण करायची, तिरका छेद द्यायचा आणि चिकटपट्टीने जोडायचं. तिरका अशासाठी, की सांधा कानाला खटकू नये. विराम हाताने मोजता येतो हे मी तिथे शिकले. आता पडद्यावर काम होतं, माझा भाचा ते माझ्यापेक्षा चौपट वेगाने करतो. तरी कुठला श्वास ठेवायचा आणि कुठला काढायचा, हे अजून मी शेजारी बसूनच ठरवते.

निर्मिती करताना सगळ्यांत जास्त झगडा संहितेशी होतो, हे मला अगदी खात्रीने सांगायचं आहे. आमच्याकडे येणारे बहुतेक लेखक रंगमंचासाठी लिहिणारे. रंगमंचावर कोपऱ्यात गप्प बसलेली आजी सगळ्यांना दिसत असते. ऐकण्यात ती मिनिटभर गप्प राहिली की श्रोत्याच्या लेखी उठून गेली. मग तिला सुपारी कातरायला लावायची, हुंकार द्यायला लावायचा, किंवा कुणी तरी तिला ‘होय ना गो आये?’ म्हणून मध्ये ओढायचं. एकाच वयाच्या, एकाच पट्टीच्या तीन बायका एका प्रसंगात असतील तर एकीला बाहेर पाठवावं लागतं. ‘अरे, तू तर हातात कोयता घेऊन आलास!’ असली वाक्यं मी काढून टाकते. कोयता उंबऱ्यावर टेकवल्याचा आवाज आला तर पुरे.

नोकरी कायमची नव्हती. नैमित्तिक काम कमी होत गेलं. तोवर संगणकावर मुद्रण करणं आमच्यासारख्यांच्या आवाक्यात आलं होतं. घरचं जुनं जांभ्याचं घर होतं, त्याच्या माजघरात स्टुडिओ करायचा ठरवला. चिऱ्याच्या जाड भिंतींनी रस्त्याचा आवाज बराच थोपवला, वरच्या कौलांनी मात्र छळलं. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस. जून ते सप्टेंबर कौलांखाली एक वाक्य धड मुद्रित होईना. शेवटी खोलीच्या आत दुसरी खोली बांधली, भिंतींपासून आणि छपरापासून सुटी, आतून काथ्याच्या जाड थरांनी मढवलेली. दमट हवेने माइक कुरकुरतात, म्हणून ते घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांबरोबर ठेवतो आणि पुड्या आळीपाळीने गरम करून वाळवतो. जुन्या टेपांना बुरशी धरते. त्या उतरवून संगणकावर घेण्याचं काम आम्ही कुटुंबांसाठी, मंडळांसाठी करतो. कुणाच्या आजोबांचं कीर्तन, कुणाच्या आईच्या ओव्या.

ज्या पावसाने त्रास दिला तोच आमचा मोठा ठेवा झाला. बाहेरून विकत मिळणाऱ्या आवाजांत ‘पाऊस’ म्हणून जे येतं ते आमच्या नाटकांना चालत नाही. कौलांवरचा पाऊस बोदा वाजतो, पत्र्यावरचा कानठळ्या बसवतो, झावळांवर तो सळसळत उतरतो, अळवाच्या पानांवर टपटपतो, आणि पागोळ्यांखाली ठेवलेल्या घंगाळात पाणी चढत जातं तसा स्वर बदलत जातो. हे सगळे पाऊस आम्ही वेगवेगळे मुद्रित करून नावं घालून ठेवले आहेत. रहाट, झोपाळ्याच्या कड्या, भरतीला खाडीचं पाणी होडीच्या बुडाशी लागतं तो आवाज, हेही. काही गोष्टी मात्र अजून जुन्याच पद्धतीने होतात : टापांना करवंट्या, गडगडाटाला टांगलेला पत्रा, वल्ह्यांना पाण्याचा टोप आणि फळी.

केलेल्या कामांपैकी दोन मला जवळची. एक थिबा राजावरची श्रुतिका. ब्रह्मदेशचा हा पदच्युत राजा १८८६ मध्ये रत्नागिरीत आणला गेला, १९१० मध्ये नव्या राजवाड्यात राहायला गेला आणि १९१६ मध्ये इथेच वारला. तीस वर्षं परक्या गावात. त्याच्या तोंडी कुठली मराठी घालायची यावर आमच्यात खूप चर्चा झाली. राजा आणि राणी सुपायालात यांना साधी, बोलीचा रंग नसलेली मराठी दिली. नोकरमाणसं आणि गावकरी इथल्या बोलीत. एवढ्यानेच ती दोघं एकटी वाटू लागली. राजाचे संवाद कमीच ठेवले, आणि प्रत्येक प्रवेशात तो बोलायचा थांबला की लांबून समुद्र ऐकू येतो.

दुसरं काम जुलै २०२१ च्या चिपळूणच्या महापुरानंतरचं. वाशिष्ठीचं पाणी बाजारपेठेत शिरलं, माणसांनी माळ्यावर रात्र काढली. आमच्या दोन कलाकारांची घरं त्यात होती. पाणी ओसरल्यावर काही महिने आम्ही माइक काढलाच नाही. नंतर लोक आपणहून बोलू लागले तेव्हा त्यांची परवानगी घेऊन मुद्रित केलं आणि त्यावरून श्रुतिका लिहिली. त्यात पाण्याचा मोठा लोंढा कुठेही वापरला नाही. जिन्याची एकेक पायरी बुडते, आणि दर वेळी घरातलं कुणी तरी ‘अजून एक’ म्हणतं, एवढंच आहे.

अशा कामांतून स्टुडिओ चालत नाही, हे उघड आहे. वीजबिल भरतं ते नमन या कोकणी लोकनाट्याच्या मंडळांच्या मुद्रणावर, शाळांच्या स्नेहसंमेलनांवर, देवस्थानांच्या माहितीपर मुद्रणांवर, दुकानांच्या आणि निवडणुकीच्या रिक्षांवरच्या घोषणांवर. ती कामं आम्ही मन लावून करतो. रिक्षावरची घोषणा म्हणणाऱ्या मुलालाही मी वाक्य कुठे तोडायचं ते शिकवते. पुढे त्यांतलेच काही चांगले नट म्हणून आमच्याकडे टिकले. कथेचं नाट्यरूपांतर करायचं असेल तर लेखकाची किंवा वारसांची लेखी परवानगी असल्याशिवाय काम हातात घेत नाही.

सध्या आम्हाला साठीच्या पुढचे आवाज हवे आहेत, विशेषतः संगमेश्वरी आणि मालवणी सहज बोलणाऱ्या बायकांचे. रंगमंचाचा अनुभव नसला तरी चालेल. स्वरचाचणीसाठी पाठांतर लागत नाही. एक उतारा आम्ही देतो, तो दोनदा वाचायचा : एकदा अंगणातल्या माणसाला हाक मारल्यासारखा, एकदा उशाशी बसलेल्याला सांगितल्यासारखा. लांबून येणाऱ्यांनी पावसाळ्यात निघण्यापूर्वी फोन करावा, वीज आहे की नाही ते सांगू. जेवण आमच्याकडेच.