मैदान हवं म्हणाली आणि मुकुट गेला

आज एका कॉलेजच्या गॅदरिंगला परीक्षक होते. प्रश्न ठरलेलाच: "मंत्री झालीस तर पहिलं काम कोणतं?" तिघींनी गरिबी, शिक्षण, विश्वशांती पटापट उरकली. चौथी नऊवारीचा काष्टा सावरत म्हणाली, "आधी मुलींच्या बाथरूमला आतून कड्या बसवीन." हॉलमध्ये हशा! मी दहापैकी नऊ दिले, शेजारच्या सरांनी चार. म्हणे, उत्तराला उंची नाही.

मला मधु सप्रे आठवली. १९९२, बँकॉक, मिस युनिव्हर्सची अंतिम फेरी. देशाची नेता झालीस तर काय करशील? ही मूळची खेळाडू. म्हणाली, खेळाचं चांगलं मैदान उभारीन. मुकुट नामिबियाच्या मिशेल मॅक्लीनला, ही तिसरी. आपल्याकडे केवढी टीका! गरीब देशात मैदानं कसली? तिचं इंग्रजीसुद्धा काढलं लोकांनी. (स्वतःचं किती फर्डं होतं, देव जाणे.)

पण तिचं काही अडलं नाही. नव्वदच्या दशकात रॅम्पवर तिचाच दबदबा. मिलिंद सोमणबरोबरची टफ बुटांची ती जाहिरात, अंगावर बूट आणि अजगर एवढंच, थेट कोर्टात गेली. खटला वर्षानुवर्षं रेंगाळला. पुढे इटालियन उद्योजकाशी लग्न करून बाई तिकडेच स्थायिक झाल्या.